घर सुटलं, सही राहिली

बाबा,

रिसालीचं घर सुटलं. हे आधीच सांगून टाकते, कारण तुम्हाला कुठलीही हकिगत शेवटाकडून ऐकायची सवय होती. मी शाळेतून येऊन भांडणाची गोष्ट सुरू केली की तुम्ही विचारायचात, आधी सांग, कोणाला लागलं का? तर कोणाला लागलं नाही. फायनान्स कंपनीचं कर्ज मिटलं. फाटकावर चिकटवलेली ताब्याची नोटीस तुमच्या सुनेनं ओल्या फडक्यानं घासून काढली. बिलासपूरच्या हायकोर्टात माझी आणि भावाची अशा दोन याचिका होत्या, त्या दोन्ही एकाच दमात निकाली निघाल्या. शेजारचे लोक जयभीम घालून पुन्हा पहिल्यासारखे फाटकापाशी थांबतात, बोलतात. सगळे खूश आहेत. मला मात्र यात कुठंतरी पाणी मुरतंय असं वाटत राहतं, आणि कुठं मुरतंय ते विचारायला तुमच्याशिवाय कोणी नाही, म्हणून लिहायला बसले.

हा माझ्या नोकरीचा गुण म्हणा नाहीतर दोष म्हणा. दुर्गहून गोंदियाकडे जाणाऱ्या गाड्यांत तिकिटं तपासण्यात माझा जन्म गेला. माणूस खिशात हात घालतो त्याच्या आधी मला कळतं की त्या खिशात काही नाही. झोपेचं सोंग घेणारे, बाथरूममध्ये जाऊन बसणारे, पुढच्या डब्यातल्या साहेबांची ओळख सांगणारे, सगळ्यांना मी ओळखून आहे. तुमचे जावई म्हणतात, ही लग्नाच्या पंगतीतसुद्धा वाढप्याला तिकीट मागेल. म्हणोत. पण ज्या दिवशी त्या फाटकावर नोटीस लागली, त्या दिवशी त्यांचंही हसू मावळलं.

नोटिशीत काय होतं ते तुम्हाला सांगायला हवं का, इथूनच माझी शंका सुरू होते. तुम्हाला ते माहीत होतं की नव्हतं? भावानं इंडस्ट्रियल एरियात वेल्डिंगची शेड टाकली होती, लेथ मशीन घेतली होती, ते तुमच्या डोळ्यांसमोर. त्या मशीनसाठी त्यानं कर्ज काढलं होतं. कितीतरी वर्षं हप्ते भरले. कोरोनात काम बसलं ते बसलंच, हप्ते थकले, आणि कंपनीनं कागद बाहेर काढला. कागदावर कर्जाला जामीन म्हणून तुम्ही होता, रिसालीचं घर तारण होतं, आणि खाली तुमची सही. तुमच्या शेवटच्या हिवाळ्यातली. त्या हिवाळ्यात मी प्रत्येक सुट्टीला येत होते, बाबा. तुमच्या पायाला तेल लावत होते. तुम्ही माझ्या ड्युटीची चौकशी केलीत, पेन्शनबद्दल बोललात, सेक्टर दोनच्या क्वार्टरमधल्या पेरूच्या झाडाची आठवण काढलीत. जामीन राहिल्याचं अवाक्षर नाही.

आणि जामीन राहणारे तुम्ही नव्हताच. तुमच्या स्टील प्लांटमध्ये सोसायटीचं कर्ज काढायला दोन जामीन लागत, आणि तुमची अख्खी टोळी एकमेकांच्या फॉर्मवर सह्या करून मोकळी व्हायची. कँटीनमध्ये चहाचे ग्लास बाजूला सारून कोऱ्या फॉर्मवरसुद्धा सह्या व्हायच्या, नावं नंतर भरली जायची. आज तू माझा, उद्या मी तुझा. त्या सगळ्यांत तुम्ही एकटे हात मागे घेणारे. लोक तुम्हाला घमेंडी म्हणाले. एकानं तर आपल्या मुलीच्या लग्नाचं बोलावणं दिलं नाही. तुमचं उत्तर ठरलेलं होतं: ज्या मशीनवर आपलं काम नाही, तिथं आपल्या नावाचा टॅग कशाला लावायचा?

म्हणून नोटीस पाहिली त्या क्षणी मी मनात निकाल देऊन टाकला. सही बाबांची नाही. मग कोणाची? घरात दुसरा माणूस कोण होता? मी भावाला फाटकापाशीच विचारलं. तो नाही म्हणाला नाही, हो म्हणाला नाही, नुसता नोटिशीच्या सुटलेल्या कोपऱ्याकडे पाहत राहिला. विनातिकीट माणूस खिडकीबाहेर पाहतो, तसा. कुंपणानंच शेत खाल्लं, असं मी तिथंच सगळ्यांच्या देखत बोलले.

आता तुम्ही मला रागावणार, हे मला ठाऊक आहे, कारण एकदा रागावला आहात. मला रेल्वेत नोकरी लागली तेव्हा तुम्ही प्लांटमध्ये मिळते तशी लांब, जड बॅटरी मला आणून दिलीत. डब्यातले दिवे कधी असतात, कधी नसतात, म्हणालात. पहिल्याच महिन्यात मी क्वार्टरच्या स्वयंपाकघरात बसून फुशारकी मारत होते. आई भाकरी थापते आहे, तुम्ही पाटावर जेवत आहात, आणि मी सांगते आहे की मला आता चेहऱ्यावरून कळतं. कालच एका फाटक्या बनियनवाल्याला उभं केलं, सगळ्या डब्यासमोर झडती घेतली. आईनं विचारलं, मग सापडला? मी म्हणाले, नाही, त्याच्याकडे तिकीट होतं, कमरेला खोचलेलं. तुमचा घास हातातच राहिला.

"चेहऱ्यावरून अन् आडनावावरून आपल्याले लोकायनं लय तपासलं," तुम्ही म्हणालात. "तू चेहरा पाहू नोको. तिकीट पाह्य."

आवाज चढवला नव्हतात. पण पुढं नोकरीभर मी तेच केलं. म्हणजे चेहरा पाहून संशय घेतला, पण तिकीट पाहिल्याशिवाय तोंड उघडलं नाही. भावाच्या बाबतीत मात्र तोंड आधी उघडलं. मग तिकीट पाहायला मी कोर्टात गेले.

माझी याचिका साधी होती. घर वडिलांचं, मीही वारस, आणि जामिनावरची सही वडिलांची नाही, तेव्हा घराचा ताबा घेऊ नये. भावाची याचिका वेगळी. त्याला फक्त मुदत हवी होती. सहीबद्दल त्याच्या अर्जात एक शब्द नव्हता. मी तो अर्ज दोनदा वाचला. माणूस निर्दोष असता तर त्यानं लिहिलं नसतं का, की सही माझ्या बापाची आहे, माझ्यासमोर केली आहे? आणि दुसऱ्या कोणी खोटी केली असती तर तेही लिहिण्यात त्याचा फायदाच होता, जामीन गळून पडला असता. दोन्हीकडून गप्प. माझ्या वकिलांनाही ते चमत्कारिक वाटलं. ते म्हणाले, तुमचा भाऊ एकतर फार हुशार आहे किंवा फार भोळा. मी म्हणाले, भोळा तो कधीच नव्हता.

तारखांना आम्ही दोघं एकाच गाडीनं बिलासपूरला जायचो, वेगवेगळ्या डब्यांत. तुमची सून माझ्यासाठीही डबा द्यायची. तो रायपूरला उतरून माझ्या खिडकीपाशी यायचा, डबा आत सरकवायचा आणि परत आपल्या जनरलच्या डब्याकडे पळायचा. मी जेवायचे, अन्नावर कसला राग. पण एकदा परतीच्या वेळी दुर्गच्या फलाटावर मी त्याला अडवलं आणि तिकीट मागितलं. माझी ड्युटी नव्हती, अंगावर काळा कोट नव्हता. त्यानं शर्टाच्या खिशातून तिकीट काढून माझ्या हातावर ठेवलं, आणि मी ते परत देईपर्यंत मुकाट उभा राहिला. तिकीट बरोबर होतं. मला त्याचाही राग आला.

कोर्टात शेवटी हवं तसं झालं. न्यायाधीशांनी कंपनीला सांगितलं की पुढच्या तारखेला मूळ कागद घेऊन या. वकील म्हणाले, आता सहीची तपासणी मागता येईल. त्या रात्री मला शांत झोप लागली. आता कोणीतरी परका माणूस, ज्याला ना तुम्ही ठाऊक ना आम्ही, तो सांगणार होता की ही सही तुमची नाही.

आणि ती तारीख यायच्या आत भावानं तडजोड केली. एकरकमी. मला न सांगता. तारखेला आमचं प्रकरण पुकारलं गेलं, कंपनीचा वकील उठून म्हणाला की कर्ज फिटलं, तारण सोडलं, कागद कर्जदाराला परत दिले. माझे वकील काही बोलू पाहत होते. न्यायाधीशांनी विचारलं, "अब इसमें बचा क्या है?" वाईट मनानं नव्हे, चांगल्या मनानंच विचारलं. खरंच तर, ज्याच्यासाठी भांडत होतो ते घर सुटलं होतं. दोन्ही याचिका निष्फळ ठरल्या म्हणून निकाली. आमच्या मागचं प्रकरण पुकारलं गेलं तरी मी उभीच होते, तेव्हा वकिलांनी हाताला धरून बाहेर आणलं. व्हरांड्यात ते समजावत होते की ताई, आपण हरलो नाही, जिंकलोही नाही, भांडणाचं कारणच उरलं नाही. आणि सही? ते म्हणाले, सहीबद्दल कोर्ट काहीच बोललेलं नाही. हवं असेल तर वेगळा दावा लावा, पण कशासाठी लावणार?

त्या दिवशी परतीच्या गाडीत मला सारखी जीप आठवत होती. तुम्हालाही आठवत असेल. तुम्ही पहिली पाळी करून आला होता, जेवून आतल्या खोलीत झोपला होता. दुपार कलली आहे आणि सेक्टर दोनच्या आपल्या गल्लीत प्लांटची जीप शिरते. प्लांटची जीप दारात येणं म्हणजे अपघाताची खबर, हे त्या गल्लीतल्या लहान पोरालाही कळायचं. बायका दारात आल्या, कोणी काही बोलेना. आई पिठाच्या हातांनी उठली आणि आधी कुठं गेली असेल तर आतल्या खोलीत. तुम्ही खरंच तिथं झोपलेले आहात का ते पाहायला. तुम्ही घोरत होता. जीपमधला माणूस ओशाळून म्हणाला की मशीन थांबली आहे, टॅग काढायला चला.

मशीन दुरुस्तीला घेतली की तिची बिजली बंद करायची आणि स्विचवर आपल्या नावाचा लाल पत्रा अडकवायचा. ज्यानं अडकवला त्यानंच काढायचा, साहेब आला तरी त्याला हात लावायची मुभा नाही, कारण आत एखादा माणूस हात घालून बसलेला असू शकतो. त्या दिवशी तुम्ही काम संपवून टॅग न काढताच घरी आलात. अख्खी मिल एका लाल पत्र्यासाठी थांबली होती. तुम्ही लुंगीवरच जीपमध्ये चढलात, शर्ट हातात. नंतर कितीतरी दिवस गल्लीत तुम्हाला टॅगवाले म्हणून चिडवत होते.

तुम्ही परत आल्यावर भावानं विचारलं होतं, तेव्हा तो केवढासा होता, की बाबा, टॅग लावणारा माणूस मरून गेला तर? आईनं त्याला चापट मारली. तुम्ही मात्र नीट उत्तर दिलंत. मग इनचार्ज येतो, सगळी लाइन चालत जाऊन तपासतो, दोन साक्षीदार ठेवतो आणि मगच टॅग काढतो. घरच्या माणसाला काढता येत नाही. कोर्ट म्हणजे माझा तो इनचार्ज होता, बाबा. त्यानं लाइन चालायला पाऊल उचललं, आणि तेवढ्यात कोणीतरी टॅग काढून बिजली चालू करून टाकली.

मग मी माझ्या पद्धतीनं शोध सुरू केला. पैसा कुठून आला? उधारी करणारा माणूस एकदम एकरकमी कसा भरतो? मी न सांगता इंडस्ट्रियल एरियात गेले. शेडला दुसऱ्याच नावाची पाटी होती. आत डोकावले तर लेथ होती तिथं सिमेंटचा नुसता चौथरा, त्यावर बोल्टाची भोकं. पहारेकऱ्यानं सांगितलं की जुन्या मालकानं मशीन विकली, शेड सोडली, आता समोरच्याच कारखान्यात ठेक्यावर वेल्डर आहे. हात दाखवून म्हणाला, ते पाहा, तिथं. मी पाहिलं नाही. रिक्षा करून स्मृति नगरला घरी आले.

वाटेत माझ्या डोक्यात दोन माणसं भांडत होती. एक म्हणे, पकडला जायच्या भीतीनं ज्यानं आपली मशीन, आपली शेड फुंकून टाकली, तो चोरच असला पाहिजे. चोराच्या मनात चांदणं, म्हणून तर कागद कोर्टात यायच्या आत विक्री. दुसरा फार हळू बोलत होता. तो म्हणे, तपासणीत सही बाबांची निघाली असती, तर कोणाला लागलं असतं?

मागच्या आठवड्यात भाऊ स्वतःच आला. तुमचे जावई ड्युटीवर होते. पेढे आणले होते, ते टेबलावर ठेवले आणि खुर्चीच्या कडेला टेकला. घराची घरपट्टी दोघांच्या नावानं करून घेऊ, म्हणाला. मी ते ऐकूनच घेतलं नाही. सरळ विचारलं, मला न सांगता तडजोड कावून केली, तारीख समोर असताना? त्यानं पेढ्यांच्या डब्याचा दोरा सोडला.

"टॅग बाबाचा होता, ताई," तो म्हणाला. "बाबा तं येऊ शकत नोयते. मंग मी काढला."

"लाइन न तपासता?"

त्यानं पायाशी ठेवलेली प्लास्टिकची पिशवी उचलून माझ्यासमोर ठेवली. कंपनीनं परत दिलेले कागद होते.

"घे," तो म्हणाला. "तपास. मी म्हटलं होतं बाबाले का ताईले सांगा म्हून."

बाबा, तुम्ही म्हणाला होतात चेहरा पाहू नको, तिकीट पाहा. मी पिशवीला हात लावला नाही. मी चेहरा पाहिला. वेल्डिंगच्या उजेडानं डोळे लाल झालेले, कपाळावर परक्या कारखान्याच्या हेल्मेटचा वळ, दाढीचे खुंट निम्मे पांढरे. तो खिडकीबाहेर पाहत नव्हता, माझ्याकडेच पाहत होता. मी म्हणाले, आधी चहा घे. त्यानं चहा घेतला. मी स्वयंपाकघरातून परत आले तेव्हा पिशवी पुन्हा त्याच्या पायाशी गेली होती, आणि जाताना तो ती बरोबर घेऊन गेला. मी थांबवलं नाही. जिनं तिकीट घरी राहिलं म्हणणाऱ्या एकाही माणसाला कधी सोडलं नाही, तिनं हातावर ठेवलेलं तिकीट न पाहता जाऊ दिलं.

माझा विश्वास बसला, असं समजू नका. टॅगचं ते वाक्य जरा जास्तच नेमकं होतं. रिसालीपासून स्मृति नगरपर्यंत स्कूटरवर येताना त्यानं ते घोकलेलं असू शकतं. आणि मी पिशवी उघडणार नाही हेही त्यानं ताडलेलं असू शकतं, शेवटी भाऊ आहे माझा. पण या शंकेत आता पूर्वीचा जोर नाही. आता मी रात्री तुमच्यावरच संशय घेते. मला सांगितलं असतंत तर मी नाही म्हणाले असते, घर अडकवू नका म्हणून भांडले असते, हे तुम्हाला माहीत होतं. म्हणूनच सांगितलं नाहीत ना? जन्मभर एकाच्याही फॉर्मवर सही केली नाहीत, आणि मुलासाठी केलीत. केलीत तर केलीत. मग मी पायाला तेल लावत असताना पेरूच्या झाडाबद्दल कशाला बोलत बसलात? मला फार राग येतो, बाबा. सही खोटी निघाली असती तर निदान हा राग तरी तुमच्यावर काढावा लागला नसता.

वकिलांचा फोन आला होता, वेगळ्या दाव्याचं काय करायचं म्हणून. विचार करून सांगते म्हणाले, आणि विचार काही करत नाही.

हे पत्र लिहून झालं तेव्हा सवयीनं पाकीट काढलं. तुमचा पत्ता मला एकच पाठ आहे, रिसालीचा, आणि तिथं आलेलं टपाल भाऊच उघडतो. उघडेल आणि वाचेल की आपण चोर निघावं असं आपल्या बहिणीला मनापासून वाटत होतं, म्हणजे बाप तिच्याशी खोटं वागला नव्हता असं झालं असतं. म्हणून टाकत नाही. पण तसं वाटत होतं, हे खरं आहे. अजूनही थोडं वाटतंच.